आयर्विनला किती? पुरात मदत घेऊन निघालेल्या मंडळींसाठी

जुलै निम्मा सरला की सांगली-मिरजेत माणसं एकमेकांना 'बरं आहे का' विचारत नाहीत, 'आयर्विनला किती?' एवढंच विचारतात. कृष्णेवरचा आयर्विन पूल १९२९ सालचा. तिथं पाणी ४० फुटांवर गेलं की इशारा, ४५ वर गेलं की धोका. हे दोन आकडे आमच्याकडं शाळेतल्या पोरांनाही पाठ असतात. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आकडा ५७ च्या पुढं गेला होता.

पंचेचाळीस ओलांडले की माझा फोन सुरू होतो. पुण्याची मंडळी, मुंबईची मंडळी, नगरकडचे कुणी पाळकसाहेब, म्हणजे चर्चचे धर्मगुरू. 'काका, टेम्पो भरायला घेतलाय. काय काय घालू?' चांगल्या मनाची माणसं असतात, पण प्रश्नाचा क्रम चुकलेला असतो. दरवर्षी फोनवर तेच तेच सांगून घसा बसतो, म्हणून एकदा लिहून ठेवतोय.

मी पाळक नाही, डॉक्टरही नाही. मिरजेच्या मिशन दवाखान्यात ३१ वर्षं स्टोअर सांभाळलं. डॉ. वानलेस १८८९ साली हिंदुस्थानात आले आणि १८९४ साली मिरजेत त्यांचा दवाखाना उभा राहिला, हे आम्हाला शब्बाथ शाळेतच, म्हणजे चर्चच्या रविवारच्या शाळेतच शिकवलेलं. मी शिकलो ते मात्र बिन कार्ड लिहायला. कुठला माल कधी आला, किती गेला, कुणी नेला, किती उरला. गॉजचा एक गठ्ठा कमी भरला तरी मेट्रन कार्ड घेऊन दारात उभ्या. निवृत्त झाल्यावर मंडळीनं, म्हणजे आमच्या चर्चनं, मला पुराच्या मदतीच्या कामात ओढलं ते या एका सवयीमुळं. २००५, २०१९ आणि २०२१ असे तीन पूर या हातांखालून गेले. पहिल्या पुरात केलेल्या चुकाच जास्त लक्षात आहेत.

आधी माणूस पाठवा, मग माल

टेम्पो भरण्याआधी दोन माणसं मोकळ्या हातानं पाठवा. एक बाई, एक बाप्या. बाई हवीच, कारण निवारा केंद्रातल्या बायका बाप्याला खरं सांगत नाहीत. त्यांनी आधी तलाठी किंवा ग्रामसेवकाला भेटायचं, पोलीस पाटलाला भेटायचं, आणि मग स्वतः फिरायचं. गावात आधी कुणाची मदत आलीय, हा पहिला प्रश्न. हमरस्त्यावरच्या गावात एका दिवशी सात टेम्पो येतात आणि दोन किलोमीटर आत मळ्यात राहणाऱ्यांकडं कुणी फिरकत नाही. २०१९ ला एका गावात मी बिस्किटांचे पुडे जनावरांना घातलेले पाहिलेत. त्याच गावाच्या पलीकडच्या वस्तीत बाळाला दूध पाजायला स्वच्छ पाणी नव्हतं.

ग्रामपंचायतीची यादी घ्या, पण तिच्यावर थांबू नका. त्या यादीत ज्यांची घरं नावावर आहेत ते असतात. भाड्यानं राहणारे, वीटभट्टीवरचे, पालात राहणारे, नवऱ्यानं टाकलेली बाई, बाहेरच्या राज्यातून कामाला आलेली पोरं, ही त्यात सापडत नाहीत. रेशन कार्डावरही जाऊ नका. एका कार्डावर तीन भाऊ असतात आणि चुली तीन असतात. आमचा नियम एकच: चूल मोजा. 'तुमच्यात स्वयंपाक एकत्र होतो का?' असं विचारलं की खरं उत्तर मिळतं. सासू-सुनेची चूल वेगळी असेल तर सून लगेच सांगते, सासू जरा वेळ घेते.

यादी झाली की प्रत्येक चुलीला चिठ्ठी द्या. चिठ्ठीवर नंबर, कुटुंबप्रमुखाचं नाव, माणसं किती, वाटपाची वेळ. आम्ही जुन्या लग्नपत्रिकांचे कोरे भाग कापून चिठ्ठ्या करतो. कागद जाड असतो, भिजला तरी टिकतो. चिठ्ठी घरातल्या बाईच्या हातात द्यायची. का ते मी सांगायला नको.

नावेत बसू नका. पाणी चढत असताना आत जाऊन माणसं काढणं हे आपलं काम नाही, ते एनडीआरएफचं आणि पाण्याची जाण असलेल्या गावच्या माणसांचं. ८ ऑगस्ट २०१९ ला पलूस तालुक्यातल्या ब्रह्मनाळमध्ये माणसांनी भरलेली नाव उलटली. त्यात बायका होत्या, लेकरं होती. त्या दिवसानंतर आमच्या तरुण संघातल्या एकाही पोराला मी काठाच्या पुढं जाऊ दिलेलं नाही. पोरं चिडतात. चिडू देत.

कधी काय लागतं

पुराचे तीन काळ असतात आणि तिन्हींची गरज वेगळी. इथंच बहुतेक टेम्पो चुकतात.

पहिले पाच-सहा दिवस माणसं शाळेत, मंगल कार्यालयात किंवा पाहुण्यांकडं असतात. त्यांच्याजवळ ना चूल, ना भांडं. त्यांना डाळ-तांदळाची पिशवी देऊन काय उपयोग? तेव्हा शिजवलेलं अन्न लागतं, आणि ते बहुतेक वेळा शेजारची गावंच करतात. ज्या गावात पाणी आलेलं नसतं तिथं घराघरातून भाकरी गोळा होतात. पोत्यानं भाकरी येतात आमच्याकडं. तुम्ही लांबून द्यायचं ते वेगळं: आतले कपडे, सॅनिटरी पॅड, टॉवेल, चादरी, ताडपत्री, लहान मुलांची लंगोटं, टॉर्च, बादल्या, मग. आणि एक मोठा एक्स्टेन्शन बोर्ड. हसू नका. २०० माणसांच्या केंद्रात चार्जिंगचे पॉइंट दोन असतील तर भांडणं त्यावरून होतात, अन्नावरून नाही.

मदतीचं काम करणाऱ्या संस्थांनी जगभरासाठी किमान मापं ठरवलेली आहेत: माणशी दिवसाला १५ लिटर पाणी आणि २० माणसांमागं एक संडास. २०० माणसांच्या शाळेत म्हणजे ३,००० लिटर पाणी आणि दहा संडास. झेडपीच्या शाळेत संडास चार असतात, त्यातल्या एकाला कडी नसते. मग बायका काय करतात? पाणी प्यायचं कमी करतात. आमच्यातल्या एका निवृत्त सिस्टरनं हे मला २०१९ ला दाखवून दिलं, तोवर माझ्या डोक्यातच नव्हतं. तेव्हापासून आमच्या पहिल्या गाडीत चार कड्या, खिळे, हातोडी आणि संडासाच्या वाटेवर टांगायला दोन बल्ब असतात. सगळ्या मदतीत स्वस्त मदत ही.

दुसरा काळ पाणी उतरल्यावर. माणसं घरी जातात आणि दारातच बसून राहतात, कारण आत गुडघाभर गाळ असतो. धान्याच्या कणग्या फुगून फुटलेल्या, गादीचं वजन चार माणसांना उचलत नाही, फ्रीज आडवा. या दिवसांत लागतं ते खराटे, फावडी, घमेली, फिनेल, ब्लिचिंग पावडर, गमबूट, रबरी हातमोजे. दहा घरांमागं गाळ धुवायला एक प्रेशर पंप भाड्यानं मिळाला तर सोनं. आणि माणसं लागतात. पुण्याची तरुण पोरं मला म्हणतात, 'काका, आम्ही काय देऊ, आम्ही अजून शिकतोय.' बाबांनो, तीन दिवस या आणि म्हातारा-म्हातारीचं एक घर धुऊन द्या.

धान्याची पिशवी लागते ती याच काळात, चूल पेटायला लागली की.

तिसरा काळ महिन्यानंतरचा. त्याचं शेवटी सांगतो, तेव्हा टेम्पो यायचे थांबलेले असतात.

पिशवी

पाच माणसांच्या चुलीला दहा दिवस हा आमचा हिशेब. पीठ १० किलो, तांदूळ ५, तूरडाळ २, गोडेतेल १ लिटरचे दोन पाउच, कांदा-लसूण चटणी अर्धा किलो, मीठ १, साखर १, चहापूड पाव किलो, अंगाचे साबण तीन, धुण्याच्या वड्या चार, मेणबत्त्या, काडेपेटीचा पुडा. सरकारी धान्य येणार असेल तर त्यात मुख्य गहू-तांदूळ असतात. तेव्हा आपण तांदूळ कमी करून डाळ आणि तेल वाढवायचं. हे तलाठ्याला आधी विचारून घ्या.

पीठ का, गहू का नाही? २००५ ला आम्ही मोठ्या हौशीनं गहू वाटला. एका आजीनं पिशवीत हात घातला, मूठभर गहू काढला आणि मला म्हणाली, 'ह्याचं काय करू लेकरा? गिरणी पाण्यात हाय.' गावातली एकमेव गिरणी, तिची मोटर जळालेली. आम्ही १८० घरांना गहू देऊन आलो होतो. तेव्हापासून पीठ, त्यातही निम्मं ज्वारीचं. ज्वारीचं पीठ लवकर जुनं होतं आणि मग भाकरी थापताना तुटते, म्हणून ते वाटपाच्या आदल्या दिवशीच दळून घ्यायचं. मिरजेत आमचा गिरणीवाला मुसलमान आहे, पुराच्या दळणाचे पैसे घेत नाही. एकदा जबरदस्तीनं दिले तर त्यानं त्याचा गूळ आणून पिशव्यांत घातला.

हे सगळं मिळून साडेबावीस-तेवीस किलो होतं. एकाच पोत्यात भरू नका. रांगेत पुढं येते ती बहुधा साठीतली बाई, आणि घर असतं चिखलातून अर्धा किलोमीटर. दोन पिशव्या करा, दोन्ही हातांत सारखं वजन येईल अशा. पिशवीला धरायला बंद असावेत. पातळ कॅरीबॅग बोटं कापते.

साबण आणि पीठ वेगळ्या पिशवीत. हा नियम आमच्या पैशानं शिकलेला आहे. एका वर्षी घाईत वॉशिंग पावडरचे पुडे पिठावर ठेवले, रात्रभर चर्चचा हॉल बंद राहिला, आणि सकाळी १४० पिशव्यांतल्या पिठाला लिंबाचा भपकारा. भाकरी भाजली तरी वास जाईना. तसंच तेलाचं: पाउच उभा ठेवायचा, वेगळ्या प्लॅस्टिकमध्ये गाठ मारून, साबणाच्या पिशवीत. शंभरात दोन-तीन फुटतातच.

जुने कपडे पाठवू नका. हे मी दरवर्षी हात जोडून सांगतो आणि दरवर्षी येतात. २०१९ ला एका शहरातून अख्खा ट्रक आला. उघडला तर त्यात लग्नातले शेरवानी कोट, चेन तुटलेल्या जीन्स, एका पायाचा मोजा. ते निवडायला आमच्या महिला मंडळाच्या बारा बायका दोन दिवस बसल्या, आणि अर्ध्याहून जास्त माल कचऱ्यात गेला. ज्याचं घर वाहून गेलं त्याची लाज वाहून गेलेली नसते. कपडे द्यायचेच तर नवे द्या: साडी, परकर, लुंगी, बनियन, मुलांना टी-शर्ट.

हॉलमधली रांग

पिशव्या भरायला चर्चच्या हॉलमधली उपासनेची बाकं भिंतीला लावून मधे एक लांब टेबल करा. पीठ पहिलं, वजनदार माल खाली. प्रत्येक जागी एकच वस्तू आणि एकच माणूस. एका माणसाला दोन वस्तू दिल्या की तो गप्पा मारताना एक विसरतो. शेवटच्या जागी तपासणीला असा माणूस बसवा ज्याचं कुणाशी पटत नाही. आमच्याकडं ती जागा माझी आहे. दर विसावी पिशवी उलटी करून मोजायची. तासाभरात दहा जण नीट ६० ते ७० पिशव्या भरतात. त्याहून वेग वाढला तर काहीतरी राहतंय असं समजा.

प्रत्येक मालाला कार्ड. तारीख, कुठून आलं, किती, गेलं किती, शिल्लक. ज्याची एक्सपायरी आधी ते आधी बाहेर. उजव्या हातानं दिलेलं डाव्याला कळू नये असं आपल्याला शिकवलंय, कबूल. पण कार्डाला कळलं पाहिजे.

पिशव्या भरायला येणाऱ्यांत आमच्याकडं निम्मे ख्रिस्ती नसतात. गल्लीतली पोरं येतात, दवाखान्यातली जुनी मंडळी येतात, कृष्णा घाटावरचा एक गुरव दरवेळी येतो आणि गाठी त्याच्याइतक्या घट्ट कुणी मारत नाही. चर्चच्या कमिटीतल्या एका नव्या पंचांनी मला बाजूला घेऊन विचारलं, 'हे बाहेरचे लोक चालतात का?' मी त्यांना टिळकांची आठवण दिली. ख्रिस्ती कवी नारायण वामन टिळकांनी १९१७ साली शेजारच्या साताऱ्यात येशूच्या अनुयायांचा 'देवाचा दरबार' मांडला, त्यात बाप्तिस्मा घेतलेल्यांना आणि न घेतलेल्यांना दोघांनाही जागा होती. मग पिशवीला गाठ मारायला दाखला कशाला?

वाटप, फोटो आणि प्रार्थना

या भागाबद्दल आमच्यातच वाद होतात, म्हणून जरा जास्त लिहितो.

प्रार्थना हॉलमध्ये करा. गाडी निघायच्या आधी, आपली आपण. वाटपाच्या जागी करू नका. हातात चिठ्ठी घेऊन रांगेत उभ्या असलेल्या माणसाला डोळे मिटायला सांगितलं तर तो मिटतोच, त्याला पीठ हवं असतं. अशा मिटलेल्या डोळ्यांचं आपण काय करणार? पिशवीत पत्रिका नको, शुभवर्तमानाची पुस्तिका नको, वचनाचं कॅलेंडर नको. रेडक्रॉस आणि मोठ्या मदत संस्थांनी मिळून १९९४ साली एक आचारसंहिता केली. तिच्यात स्पष्ट लिहिलंय की मदत गरज बघून द्यायची, आणि कुठलंही राजकीय किंवा धार्मिक मत पुढं रेटायला ती वापरायची नाही. ती करणाऱ्यांत जागतिक चर्च परिषद, लुथरन जागतिक संघ आणि कॅरितास होत्या. म्हणजे हे आपल्याच घरातलं आहे, कुणी बाहेरून लादलेलं नाही. मुक्तिफौजेची (साल्वेशन आर्मीची) माणसं १८८२ साली मुंबईत उतरली. त्यांची जुनी घोषणा सूप, साबण आणि तारण अशी सांगतात. मी त्यातला क्रम बघतो.

याचा अर्थ आपण कोण ते लपवायचं असा नाही. लपवलं की संशय येतो, आणि तो रास्त असतो. कुणी विचारलं तर सरळ सांगा: 'मिरजेच्या चर्चकडनं आलोय.' २०२१ ला वाळवा तालुक्यातल्या एका गावात चार-पाच पोरं आडवी आली. 'धर्मांतराला आलाय काय?' मास्कमुळं तोंडं दिसत नव्हती, आवाज तापलेला. आमचा एक पोरगा उत्तर द्यायला पुढं झाला, त्याला मी मागं ओढलं. एक पिशवी टेम्पोच्या फळीवर ओतली. पीठ, तांदूळ, डाळ, तेल, चटणी, साबण. त्यांच्यातल्या म्होरक्याला म्हटलं, 'बघ, यात काय सापडतंय का. आणि ही यादी. तुमच्या गल्लीतलं कोण राहिलं असंल तर लिही.' त्यानं यादी वाचली. दोन नावं राहिली होती, ती त्यानं लिहिली. मग तीच पोरं पिशव्या उतरवायला लागली. दरवेळी असं होईल असं नाही. वाद वाढला तर गाडी तशीच फिरवा, सरपंचांना फोन करा आणि माल ग्रामपंचायतीत उतरवून पोच घ्या.

कुणी आपणहून म्हणालं की माझ्यासाठी प्रार्थना करा, तर करा. पण पिशवी त्याच्या घरी पोचल्यावर, आणि बाजूला. रांगेत नाही.

फोटोबद्दल. २००५ ला आम्ही फ्लेक्स लावला होता: मंडळीचं नाव, पाळकांचा फोटो, पंचांचे फोटो. पिशवी देताना एकेकाला थांबवून कॅमेऱ्याकडं बघायला लावत होतो. एका बाईनं पिशवी घेताना पदर पुढं ओढून अख्खं तोंड झाकलं. तिच्या बांधावर आदल्या वर्षापर्यंत वीस माणसं कामाला असायची, हे मला नंतर कळलं. आता आमच्याकडं फोटो लागतो तो भरलेल्या गाडीचा, कार्डाचा आणि सह्यांच्या पानाचा. देणाऱ्याला हिशेब हवा असतो, तो त्यातून मिळतो. चेहरा हवाच असेल तर फावडं मारणाऱ्या आपल्या पोरांचा काढा.

वाटप सकाळी, सावली असेल तिथं, चिठ्ठीच्या नंबरानं. एका तासाला चाळीस चिठ्ठ्या, म्हणजे रांग लागतच नाही. म्हातारी, गरोदर, अपंग यांना घरपोच. पंधरा पिशव्या जास्तीच्या न्या, पण त्या गाडीत झाकून ठेवा आणि चिठ्ठीशिवाय आलेल्याची चूल कुणी तरी बघून आल्यावरच काढा.

पाणी, पाय आणि ताप

घरात पडलेल्या गोळ्या गोळा करून पाठवू नका. गोळ्यांच्या अर्ध्या पट्ट्यांवर औषधाचं नाव नसतं. औषध डॉक्टरांनी, आरोग्य केंद्रानं द्यायचं. आपण द्यायचं ते ओआरएसची पाकिटं, आणि ती संपली तर घरचं: एक लिटर उकळून गार केलेलं पाणी, सपाट सहा चमचे साखर, अर्धा चमचा मीठ. चमचा चहाचा.

पाणी गढूळ असेल तर आधी तुरटी फिरवा, निवू द्या, चार पदरी कपड्यातून गाळा, मगच मेडिक्लोर, म्हणजे क्लोरीनचे थेंब. गढूळ पाण्यात क्लोरीन वाया जातं. थेंब किती ते बाटलीवर असतं, आणि टाकल्यावर अर्धा तास थांबायचं. विहिरीत टीसीएल (ब्लिचिंग पावडर) टाकायचं काम ग्रामपंचायतीच्या माणसाकडं ठेवा. त्याच्याकडं पाण्यात क्लोरीन किती ते बघायचा ओटी टेस्टचा संच असतो. बाहेरून आलेला उत्साही माणूस डबा ओतून मोकळा होतो आणि चार दिवस गाव ते पाणी तोंडात घेऊ शकत नाही.

स्वयंसेवकानं गमबूट घातल्याशिवाय गाळात पाय ठेवायचा नाही. पायाला जखम असेल तर तो हॉलमध्ये पिशव्या भरेल. गाळात उंदराचं मूत मिसळलेलं असतं, त्यातून लेप्टो (लेप्टोस्पायरोसिसचा ताप) होतो. परत गेल्यावर ताप आला, पोटऱ्या दुखायला लागल्या, तर डॉक्टरला 'मी पुराच्या चिखलात काम केलंय' हे आधी सांगायचं. धनुर्वाताचं इंजेक्शन निघण्याआधी. सामान हलवताना आधी काठीनं. पाण्याबरोबर नाग-घोणस घरात शिरून कोरड्या फळीवर बसलेले असतात. चावलाच तर माणसाला चालवायचं नाही, कापायचं-बांधायचं नाही, १०८ ला फोन आणि तडक सिव्हिल.

जनावरं

शहरातली मंडळी हे विसरतात. आमच्याकडं म्हैस सोडून माणूस नावेत बसत नाही, त्यासाठी जीव घालवतात. मोठ्या जनावराला दिवसाला १५ ते २० किलो ओली वैरण लागते. वीस म्हशींना एका दिवसाला जवळजवळ छोटा टेम्पो. लांबून वैरण आणणं परवडत नाही; पैसे पाठवा, आम्ही तासगाव, जत बाजूनं कडबा आणि पेंड घेतो. तिकडं पाऊस कमी, पण पुराच्या वर्षी कडबा तिकडूनच येतो. २०१६ च्या उन्हाळ्यात उलटं झालं होतं, मिरजेहून लातूरला रेल्वेच्या टाक्यांतून पाणी जात होतं. नदीकाठानं माजू नये.

पैसे

मालापेक्षा पैसे बरे, पण पावतीनं. २,००० रुपयांच्या वर रोख दिलं तर प्राप्तिकरातली देणगीची सवलत (८०जी म्हणतात ती) मिळत नाही, म्हणून मोठी रक्कम बँकेतूनच. परदेशातल्या नातेवाइकांचं नीट ऐका: ज्यानं अमेरिकेचं किंवा इंग्लंडचं नागरिकत्व घेतलंय त्याचा पैसा परदेशी देणगी ठरतो, मग तो जन्मानं मिरजेचा का असेना. तो पैसा एफसीआरए (परदेशी देणग्यांचा कायदा) नोंदणी असलेल्या संस्थेच्याच, दिल्लीतल्या स्टेट बँकेच्या मुख्य शाखेतल्या खात्यात येऊ शकतो, आणि २०२० पासून एका संस्थेकडून दुसरीकडं वळवताही येत नाही. मंडळीच्या साध्या खात्यात तो घेऊ नका, कितीही निकड असली तरी. भारतीय पासपोर्टवर बाहेर कमावणाऱ्याचे स्वतःचे पैसे चालतात.

महिन्यानंतर

गणपती होऊन जातात, बातम्या थांबतात. तेव्हा फोन करा. त्या वेळी लागतं ते घरागणिक वेगळं असतं, म्हणून पिशवी चालत नाही. शिलाई मशीन गंजलेलं, न्हाव्याची खुर्ची गेलेली, दहावीच्या पोरीची पुस्तकं आणि दाखले लगदा झालेले. ब्लाउज शिवणाऱ्या एका बाईला आम्ही मशीन दुरुस्त करून दिलं, मोटर आणि पट्टा मिळून खर्च एका धान्याच्या पिशवीपेक्षा थोडा जास्त. दाखल्यांसाठी आमच्यातला एक निवृत्त शिरस्तेदार तहसीलमध्ये रोज बसायचा, अर्ज लिहून द्यायचा. त्यानं ७० अर्ज लिहिले, आणि मला वाटतं त्या वर्षीचं सगळ्यात मोठं काम त्याचं.

हॉल मोकळा करताना उरलेला माल मोजा, कार्डावर दोघांच्या सह्या घ्या. फिनेल आणि खराटे त्याच शाळेला द्या जिथं केंद्र होतं. मास्तरांनी महिनाभर वर्गखोल्या दिलेल्या असतात आणि त्यांतली घाण त्यांनाच काढावी लागते. पीठ ठेवू नका, वाटून टाका. ताडपत्र्या उन्हात वाळवून घडी घाला, नाहीतर पुढच्या जुलैत उघडाल तेव्हा चाळणी झालेली असेल. गमबूट धुऊन उलटे टांगा. मागच्या वेळी सरळ ठेवलेल्या एका बुटात विंचू निघाला होता, आणि बूट माझाच होता.